मंथरेचा डोळा

रामाची भूमिका करणाऱ्या नटाच्या पाया पडणारी माणसे आपण पुष्कळ पाहिली आहेत. मंथरेची भूमिका करणाऱ्या नटीला कोणी भक्तिभावाने नमस्कार केल्याचे मात्र ऐकिवात नाही. वस्तुतः मंथरा नसती तर राम अयोध्येतच सुखाने राज्य करीत राहिला असता आणि कथा तेथेच विसावली असती. दुय्यम पात्राचे माहात्म्य एवढे थोर. परंतु त्याच्या वाट्याला येतो तो लोकांचा रोष. हा रोष ज्यांनी उभी हयात वेतनासारखा पदरात घेतला, त्या ललिता पवार यांच्याविषयी चार शब्द लिहावेत असे बरेच दिवस मनात होते.

२५ जानेवारी १९८७ पासून दर रविवारी रामानंद सागर यांचे ‘रामायण’ दूरदर्शनवर दिसू लागले. पैनगंगेच्या दक्षिणतीरी, आमच्या आदिलाबादेत, ज्या घरी दूरचित्रवाणी संच असे तेथे मराठी, तेलुगू आणि उर्दू बोलणारी सारी आळी लोटत असे. मी तेव्हा शाळेच्या पहिल्या पायऱ्यांवर होतो. सत्तरी ओलांडलेल्या ललिताबाई मंथरा होऊन कैकेयीच्या महाली शिरल्या, तेव्हा बायकांनी बोटे मोडली आणि आम्हां मुलांना एक शिवी मिळाली. २०२० च्या टाळेबंदीत ती मालिका पुन्हा दाखविली गेली. त्या वेळी मी तिच्याकडे वकिलाच्या नजरेने पाहिले आणि त्या बारीक झालेल्या डाव्या डोळ्यापाशी थबकलो.

त्या डोळ्याची हकीकत अशी. १९१६ साली येवल्यास जन्मलेल्या ललिताबाई मूकपटांच्या काळीच पडद्यावर आल्या आणि पुढे नायिका झाल्या. १९४२ च्या सुमारास एका चित्रीकरणात सहकलाकार मास्टर भगवान यांनी मारावयाची थप्पड चुकून जोरात बसली. चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि बऱ्याच उपचारांनंतरही डाव्या डोळ्यात व्यंग राहिले. नायिकेचे आयुष्य तेथे संपले. पण प्रभातच्या ‘रामशास्त्री’मध्ये, १९४४ साली, त्या आनंदीबाई होऊन उभ्या राहिल्या. ‘ध’चा ‘मा’ केल्याचा आरोप जिच्यावर पिढ्यान्‌पिढ्या होत आला, ती ही पेशव्यांच्या घरातील स्त्री. पुढे ‘दहेज’मधील सासू आली, ‘जंगली’मधील करडी आई आली. सासुरवाशिणींनी त्या डोळ्यात आपापल्या घरची सासू पाहिली.

मात्र १९५९ च्या ‘अनाडी’त हृषीकेश मुखर्जी यांनी त्याच चेहऱ्याला मिसेस डिसा ही ख्रिस्ती घरमालकीण केले. जीभ तिखट, अंतःकरण मेणाहून मऊ. भाड्यासाठी दटावणारी आणि भाडेकरूवर पोटच्या पोरासारखी माया करणारी. भेसळीच्या औषधाने ती मरते आणि तिच्या खुनाचा आळ त्या निरपराध पोरावर येतो. या भूमिकेसाठी बाईंना साहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. डोळा तोच होता. ‘रामशास्त्री’त त्यात प्रेक्षकांना कपट दिसले आणि येथे वात्सल्य. मग कपट नेमके होते कोठे? ते आपल्या पाहण्यात होते.

कायदा या बाबतीत आपल्याहून सावध आहे. चिथावणी देणारा अपराधी ठरतो हे खरे. जुन्या दंडसंहितेचे १०७ वे आणि नव्या संहितेचे ४५ वे कलम तेच सांगते. परंतु त्यासाठी कृती सिद्ध करावी लागते. पाठीचे कुबड किंवा डोळ्याचे व्यंग हा पुरावा होत नाही. तुळसीदासांनी तर मंथरेची मती फिरविण्यास सरस्वतीला धाडले आहे. आणि मथुरेत कुब्जा भेटली तेव्हा श्रीकृष्णाने तिचे वाकडेपण पाहून तोंड फिरविले नाही. तिने दिलेले चंदन घेतले.

आमच्या येथील एका वाटणीच्या दाव्यात पक्षाघाताने तोंड वाकडे झालेली एक विधवा आत्या होती. न्यायालयाच्या ओसरीत तिच्याच नात्यातला एकजण सर्वांसमक्ष म्हणाला, “ही मंथरा आहे, हिनेच घर फोडले.” चार लोक हसले, हसणाऱ्यांत देवळातले रोजचे भजनीही होते. आत्याने पदराने तोंड झाकले. पुढे कागदपत्रांत सावकाराची एक जुनी पावती निघाली. भावाचे शेत लिलावातून सोडविण्यासाठी तिने स्वतःच्या पाटल्या गहाण टाकल्या होत्या आणि त्या कधीच परत आल्या नव्हत्या. पावती वाचून झाली तेव्हा कोणी हसले नाही; पण कोणी तिची क्षमाही मागितली नाही.

ललिताबाई २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यास निवर्तल्या. त्यांनी पडद्यावर घेतलेले शाप भूमिकेबरोबर उतरून ठेवता येत होते; आत्यासारख्यांना ती सोय नसते. रामनवमीला कीर्तनकार मंथरेचे आख्यान लावतील, तेव्हा बोटे जरूर मोडावीत. तो कथेचा मान आहे. मात्र देवळाची पायरी उतरताना ते नाव तेथेच ठेवून यावे. घरी आणून कोणाच्या कपाळी चिकटवू नये.