शिवपालगंजात हसायचं कुठे?

लखनौला बदली झाली आणि ऑफिसातल्या एका बुजुर्ग बाबूजींनी पहिल्याच आठवड्यात सांगून टाकलं, "मॅडम, इधर का कामकाज समझना है तो 'राग दरबारी' पढ़िए." हजरतगंजातून पुस्तक आणलं. श्रीलाल शुक्लांची ही कादंबरी 1968 सालची, पुढच्याच वर्षी साहित्य अकादमी मिळालेली. शुक्ल लखनौ जिल्ह्यातल्या अतरौलीचे, आणि गंमत म्हणजे स्वतः सरकारी अधिकारी.

माझा पिंड मिरासदारांच्या कथांतल्या भोकरवाडीवर पोसलेला. तिथली माणसं बाता मारतात, फजीत होतात, आपण हसून मोकळे. इथे, 'राग दरबारी'तल्या शिवपालगंज गावात, फजिती होते ती एकट्या रंगनाथची. हा शहरातला एम.ए. तब्येत सुधारायला मामाकडे आलेला. मामा वैद्यजी औषधं देतात, शिवाय कॉलेज आणि सहकारी संस्थाही त्यांच्याच मुठीत. संस्थेत अफरातफर होते, तर ते नुकसान सरकारने अनुदान देऊन भरून काढावं, अशी वैद्यजींची मागणी! इथे मात्र मला कुणी समजावून सांगावं लागलं नाही. सहकार आम्हाला कळतो.

गोंधळले ते लंगडपाशी. त्याला तहसिलीतून एका कागदाची नक्कल हवी आहे. नकलनवीस पाच रुपये मागतो, लंगड दोनच देऊ करतो. भांडण पेटतं. लंगड शपथ घेतो, लाच न देता नक्कल मिळवीन. नकलनवीसही शपथ घेतो, लाच न घेता नियमानेच देईन. मग नियम सुरू होतात. अर्जात त्रुटी, पुन्हा अर्ज, पुन्हा त्रुटी. कादंबरी संपत आली तरी हा माणूस तहसिलीच्या खेपाच घालतोय.

जेवणाच्या सुट्टीत हा भाग मी हौसेने वाचून दाखवला. मी एकटीच हसले. एकाने डबा झाकत गंभीरपणे विचारलं, "कौन सी तहसील?" दुसऱ्याच्या मते, त्रुटी वेळेवर कळायला लंगडने रोज जाऊन नोटीस-बोर्ड बघायलाच हवा होता. मी अजून नकलनवीसाचीच कीव करावी की लंगडची, या विचारात. तोवर त्या दोघांत जुंपलीसुद्धा. मुद्दा एवढाच, की त्या काळी नकलेला पाच रुपये जरा जास्तच होते का.

बाबूजींचं मत पडलं, तीनमध्ये तुटलं असतं.