लखनौचे निमिष

नाताळच्या सुट्टीत मी लखनौस जाणार, हे कळताच आईने एकच मागणी केली. चिकनची साडी नको, अत्तर नको, तिथली प्रसिद्ध रेवडीही नको. "जमलं तर निमिष आण," ती म्हणाली.

मराठीत निमिष म्हणजे डोळ्याचे पाते लवण्यास लागणारा वेळ. लखनौमध्ये मात्र निमिष खायचे असते. हिवाळ्यातल्या पहाटे मातीच्या कुल्हडात मिळणारा तो दुधाचा केशरी फेस आहे. आईचे बालपण या शहरात गेले. तिचे वडील तेथे रेल्वेच्या कचेरीत नोकरीस होते, आणि संध्याकाळी कैसरबागेतील मॅरिस कॉलेजात गाणे शिकण्यास जात. विष्णु नारायण भातखंडे यांच्या पुढाकाराने १९२६ साली सुरू झालेल्या त्या विद्यालयामुळे महाराष्ट्रातील कितीतरी संगीतप्रेमी त्या काळी लखनौशी जोडले गेले. आज ती संस्था भातखंडे यांच्याच नावाचे विश्वविद्यालय आहे.

"बाबा अंधारातच चौकात जायचे," आई सांगू लागली. "परत आले की मला हलवून उठवायचे. म्हणायचे, ऊठ, नाहीतर विरेल." आई आता त्र्याऐंशी वर्षांची आहे. गुडघ्यांमुळे तिला लांबचा प्रवास झेपत नाही. म्हणून ही कामगिरी मजवर आली.

लखनौस मी आईच्या बालमैत्रिणीकडे उतरले. त्यांना मी मावशी म्हणते. दुसऱ्याच दिवशी पहाटे आम्ही दोघी चौकात गेलो. गोल दरवाज्यापाशी धुके इतके दाट होते की, विक्रेत्यांच्या परातींवरचे दिवे आधी दिसले आणि माणसे मागाहून. परातीत फिकट पिवळ्या फेसाचा डोंगर, त्यावर पिस्त्याचे काप आणि चांदीचा वर्ख. कुल्हड हाती घेतला, तर त्यास जणू वजनच नव्हते. जिभेवर ठेवताच प्रथम गारवा जाणवला, मग केशर, मग वेलदोडा; आणि चावण्याचा विचार करीपर्यंत तोंडात काहीच उरले नाही. काशीस यालाच मलइयो म्हणतात, दिल्लीस दौलत की चाट.

मी विक्रेत्यास विचारले की, हे पुण्यास कसे नेता येईल? बर्फाच्या पेटीत घालून? तो हसला. "बहनजी, यह ले जाने की चीज़ नहीं है. यहीं खाइए." मग त्याने पूर्वेकडे बोट दाखविले. ऊन चढले की परात आवरायची, हे ठरलेलेच.

आईच्या मागणीचे उत्तर पहिल्याच सकाळी मिळाले होते, आणि ते नकाराचे होते. परंतु नेता येत नसेल, तर निदान ते होते कसे, एवढे तरी शिकून जावे, असे मी मनाशी ठरविले.

कृती ऐकण्यास सोपी आहे. सायीचे दूध उकळून निववायचे, रात्री उघड्या आकाशाखाली ठेवायचे, आणि पहाट होण्यापूर्वी घुसळायचे. घुसळताना वर येणारा फेस हलक्या हाताने काढीत जायचा. साखर, केशर आणि वेलची एवढाच त्यावर संस्कार. विक्रेते श्रेय दवास देतात. खरे काम थंडीचे आहे: गारठ्याने दुधातील स्निग्धांश घट्ट होतो आणि हवेचे बुडबुडे धरून ठेवतो. म्हणूनच नोव्हेंबर ते फेब्रुवारी एवढाच त्याचा हंगाम.

रात्रीच्या आकाशाकडून थंडी मिळविण्याची ही विद्या उत्तर हिंदुस्थानात जुनी आहे. सर रॉबर्ट बार्कर यांनी १७७५ साली लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे अलाहाबादकडील बर्फ करण्याची रीत मांडली. मोकळ्या मैदानात उथळ खड्डे खणीत. त्यांत उसाची चिपाडे अथवा मक्याची वाळकी ताटे पसरीत. त्यांवर मातीच्या लहान, उथळ, कच्च्या थाळ्या मांडून सांजवेळी त्यांत उकळून निवविलेले पाणी ओतीत. सूर्योदयापूर्वी त्या थाळ्यांत बर्फ धरलेला असे. निरभ्र रात्री पाण्याची उष्णता आकाशाकडे निघून जाते, आणि खालची चिपाडे जमिनीची ऊब वर येऊ देत नाहीत. म्हणून आजूबाजूची हवा गोठणबिंदूपर्यंत उतरली नसली, तरीही पाणी गोठू शकते.

दुपारी मावशींनी मला अमीनाबादेत नेले. तेथील कुल्फी-फालुदा निमिषाचा अगदी उलटा भाऊ. निमिष म्हणजे बहुतेक हवाच. कुल्फी मात्र न घुसळता गोठविलेली, म्हणून घट्ट आणि जड. तिची थंडी आकाशातून येत नाही, मिठातून येते. बर्फात जाडे मीठ मिसळले की, बर्फ वितळू लागतो आणि त्यासाठी लागणारी उष्णता आसपासच्या पदार्थातून ओढून घेतो. त्या मिश्रणाचे तपमान शून्याखाली सुमारे २१ अंशांपर्यंत उतरू शकते. अबुल फजलाने 'आईन-ए-अकबरी'त सोऱ्याने पाणी गार करण्याची रीत नोंदविली आहे. १५८६ च्या सुमारास दरबार पंजाबात गेल्यावर लाहोरास डोंगरातून बर्फ येऊ लागला, हेही त्याने लिहिले आहे. आपल्याकडे मे महिन्याच्या सुट्टीत लाकडी बादलीत बर्फ-मीठ भरून, आळीपाळीने दांडा फिरवून ज्यांनी आंब्याचे पॉट आइस्क्रीम केले आहे, त्यांना या शास्त्राची ओळख नव्याने करून देण्याची गरज नाही. युनेस्कोने २०२५ साली लखनौची पाककलेचे सर्जनशील नगर म्हणून निवड केली. त्या सन्मानाच्या मागे अशी साधी, मिठाने खरखरीत झालेली हातांची परंपरा आहे.

घरी परतलो, तो मावशींची नात स्वयंपाकघरात मांडामांड करून बसली होती. नाताळच्या आदल्या रात्री तिच्या मैत्रिणी जेवावयास येणार होत्या. त्यांच्यासाठी तिला चॉकलेट आणि पेपरमिंट घातलेला गोठविलेला 'पाय' करावयाचा होता. पाय म्हणजे तळाशी बिस्किटाच्या चुऱ्याचा थर आणि वर गोड सारण, असा विलायती पदार्थ. नाताळात तो पाश्चात्त्य घरांत आवडीने करतात. लखनौत पेपरमिंटचे काय काम, असे मी म्हणताच मावशी म्हणाल्या, "अगं, पुदिन्याचं माहेर तर इथंच आहे."

ते खरेच आहे. लखनौस लागूनच बाराबंकी जिल्हा आहे. तेथील शेतकरी ज्याला नुसते 'मेंथा' म्हणतात, तो जपानी पुदिना बटाटा आणि मोहरी निघाल्यावर रिकाम्या झालेल्या रानात लावतात. मे-जूनमध्ये कापणी होते, आणि गावोगावच्या टाक्यांत वाफेने त्याचे तेल काढले जाते. त्यापासून मिळणाऱ्या मेंथॉलच्या उत्पादनात भारत जगात अग्रेसर आहे. या पिकाचे 'कोसी'सारखे वाण लखनौमधील केंद्रीय औषधी व सुगंधी वनस्पती संस्थेने दिले. या संस्थेचा आरंभ १९५९ चा. मिठाईत घालतात तो पेपरमिंट या जपानी पुदिन्याचा भाऊबंद, जात वेगळी. पण दोघांतील गारवा मेंथॉलचाच.

आणि हा गारवा मोठा फसवा. मेंथॉल तोंडातील तपमान उतरवीत नाही. आपल्या मज्जातंतूंवर थंडी ओळखणारी एक कडी आहे. मेंथॉल तीच कडी वाजविते, आणि दाराशी कोणी नसताना मेंदूस वाटते की, थंडी आली. ही कडी २००२ साली शास्त्रज्ञांच्या हाती लागली. तिचा शोध घेणारे डेव्हिड ज्युलियस आणि आर्डेम पटापूटियन यांना तपमान व स्पर्श यांच्या ज्ञानावरील कार्याबद्दल २०२१ चे नोबेल पारितोषिक मिळाले.

अशा रीतीने लखनौत मला थंडीची तीन रूपे भेटली: आकाशाची, मिठाची आणि पुदिन्याची. त्यांतील दोन त्याच संध्याकाळी एकत्र यावयाची होती.

सारण तयार झाले आणि वीज गेली. तासभर वाट पाहिली, तरी ती येण्याचे चिन्ह दिसेना. शीतपेटीत सारण गोठणार नव्हते, आणि पाहुण्या तर यावयाच्याच होत्या. नात रडकुंडीस आली. तेव्हा मावशींनी माळ्यावरून पत्र्याचा एक डबा काढावयास सांगितला. त्यात कुल्फीचे आठ जुने साचे होते, निमुळते आणि झाकणाचे. कोपऱ्यावरच्या कुल्फीवाल्याकडून बर्फ आला, वाण्याकडून जाडे मीठ. आम्ही केले ते वाचक भगिनींच्या उपयोगी पडावे म्हणून येथे देते.

एक लिटर सायीचे दूध आटवून निम्मे करावे. त्यात ६० ग्रॅम साखर विरघळवावी. दूध गरम, पण उकळते नाही, अशा वेळी १०० ग्रॅम चॉकलेटचे तुकडे घालून एकजीव करावे. पूर्ण निवल्यावर खाण्याच्या पेपरमिंट अर्काचा पाव चमचा घालावा. जास्त घातल्यास औषधाची चव येते. साचे बोटभर रिकामे ठेवून भरावेत, झाकणाचा सांधा भिजविलेल्या कणकेने बंद करावा, आणि चार भाग कुटलेला बर्फ व एक भाग मीठ यांत ते पुरावेत. तासाभराने झाकण कोरडे पुसून उघडावे. १०० ग्रॅम बिस्किटांचा चुरा ४० ग्रॅम वितळलेल्या लोण्यात कालवून वरच्या रिकाम्या जागेत दाबून बसवावा. पुन्हा झाकण व कणीक लावून दोन तास बर्फात ठेवावे. मधून पाणी काढून बर्फ-मिठाची भर घालावी.

वाढताना साचा हाताच्या उबेत धरून बशीत उलटा केला की, बिस्किटाचा थर आपोआप खाली येतो. विलायती पाय लखनौच्या कुल्फीचा अंगरखा घालून उभा राहतो. मेणबत्त्यांच्या उजेडात मुलींनी आठही साचे रिकामे केले. दिवे आले ते त्यानंतर. मग सारे जण हजरतगंजात गेलो. कॅथेड्रलसमोर सर्व धर्मांची माणसे दाटीवाटीने उभी होती, आणि थंडीत प्रत्येकाच्या तोंडातून वाफ निघत होती. नात मजजवळ येऊन म्हणाली, "माझ्या तोंडात अजून गार आहे." मी तिला कडीची गोष्ट सांगितली.

पुण्यास परत आले ते रिकाम्या हाताने. दोन साचे मावशींनी दिले होते, तेवढेच. आईने काही विचारले नाही. पिशवी मी उघडीत असताना तिने एकदा पाहिले, आणि मग चहा ठेवावयास सांगितले.

वर्षअखेरीस पुण्यात कडाक्याची थंडी पडली. आकाश अगदी स्वच्छ होते. त्या रात्री दोन लिटर दूध उकळून, निववून, त्यात घरची साय फेटून मी गच्चीवर पसरट पातेल्यात ठेवले आणि वर पातळ मलमल बांधली. खाली भाताचा पेंढा घातला. बार्कर यांचे चिपाड आठवले. चार वाजता रवी घेऊन बसले. कितीतरी वेळ नुसते दूधच फिरत राहिले. हात भरून आले. मग कडेला थोडा फेस धरू लागला. तो चमच्याने काढीत गेले. दोन लिटर दुधातून जेमतेम दोन वाट्या भरल्या. साखर घातली, केशर घातले.

पूर्वेस उजाडू लागले होते. मी वाटी घेऊन धावतच खाली आले. आई गाढ झोपेत होती. तिच्या खांद्यास हात लावून मी हलविले.

"आई, ऊठ. नाहीतर विरेल."

तिने डोळे उघडले. क्षणभर ती मला ओळखीत नव्हती, दुसऱ्याच कोणाकडे पाहत होती. मग उठून बसली, वाटी हातात घेतली, आणि एक शब्द न बोलता शेवटच्या बोटापर्यंत चाटून संपविली.

"केशर जास्त झालंय," ती म्हणाली. "उद्या कमी घाल."