एका फटक्याचा फरक

आमच्या घराण्यात गोल्फ कोणी खेळलेले नाही. घराणे राहू द्या, आमच्या गल्लीतही नाही. त्या खेळाला एकरच्या एकर हिरवळ लागते आणि हिरवळीला पाणी. आमच्या औरंगाबादेत (आता छत्रपती संभाजीनगर म्हणायचे) त्या दिवसांत नळाला पाणी काही दिवसांआड यायचे. अंगणातली तुळस जगवली तरी आम्ही स्वतःला बागायतदार समजत असू.

तरीही ७ ऑगस्ट २०२१ च्या पहाटे पाच वाजता मी गोल्फ पाहत बसलो होतो. कारण पाणीच! त्या दिवशी आमच्या नळाची पाळी होती. मोटर लावली, हंडे-पिंपे मांडली. आता टाकी भरेपर्यंत माणसाने करायचे काय? टीव्ही लावला. टोकियोला ऑलिंपिक चालू होते.

"अहो, ही पोरगी कोण?" सौ.ने विचारले.

"अदिती अशोक. बंगळूरची. तेवीस वर्षांची आहे. तीन दिवसांचा खेळ झालाय, दुसरी आहे."

"आणि तिच्यामागे एवढी मोठी पिशवी घेऊन चाललीय ती बाई?"

"तिची आई."

सौ. खुर्ची ओढून बसलीच. "म्हणजे दप्तर तिथंही आईनंच उचलायचं!"

२०१६ साली रिओच्या ऑलिंपिकमध्ये, अदिती अठरा वर्षांची असताना, हेच दप्तर वडिलांनी उचलले होते, ही माहिती मी उगाच पुरवली. त्यावर सौ.ने माझ्याकडे पाहिले आणि मी पिंपाकडे.

या मुलीच्या घरीही आधी कोणी गोल्फ खेळत नव्हते. ती पाचेक वर्षांची असताना मंडळी नाश्त्याला बाहेर गेली. तिथून कर्नाटक गोल्फ असोसिएशनचे मैदान दिसत होते. पोरगी म्हणाली, तिकडे जाऊ या, आईबाप गेले. आम्हीही पोरांना नाश्त्याला नेतो, पण आमच्या हॉटेलांतून समोरचे पार्किंग दिसते. तिला मैदान दिसले, आणि २०१६ मध्ये ती युरोपियन महिला टूरवरची स्पर्धा जिंकणारी पहिली भारतीय ठरली. तीही घरच्याच, गुडगावच्या मैदानावर.

खेळ तसा आमच्या बँकेसारखाच. चेंडू अठरा भोकांत घालायचा, प्रत्येक फटका मांडायचा, चार दिवसांची बेरीज करायची. ज्याची बेरीज कमी तो मोठा. पासबुकाला हा नियम लागू असता तर मी कधीच सुवर्णपदक घेऊन बसलो असतो. १४५७ साली स्कॉटलंडच्या पार्लमेंटने या खेळावर बंदी घातली होती. लोक तिरंदाजीचा सराव सोडून हेच खेळत बसतात म्हणून. ते पार्लमेंट किती शहाणे होते, हे आमची टाकी भरून वाहू लागली तेव्हा मला पटले.

महिन्याचा पहिला शनिवार, म्हणजे बँक चालू. तिकडे वादळी हवेमुळे खेळ मध्येच थांबला, इकडे माझी वेळ झाली. शेवटचे भोक मी काउंटरखाली मोबाइल धरून पाहिले. समोरचे तीन ग्राहकही वाकून पाहू लागले. पासबुक भरून द्या, असे एकजण म्हणेना! शेवटचा फटका भोकाजवळून गेला. अदितीची बेरीज २६९. कांस्यपदक मिळवणाऱ्या न्यूझीलंडच्या लिडिया को हिची २६८. जागतिक क्रमवारीतली दोनशेवी मुलगी ऑलिंपिकमध्ये चौथी आली.

आमच्याकडे कॅशमध्ये एक रुपया कमी भरला तर तो सापडेपर्यंत कॅशियरला घर दिसत नाही. चार दिवसांतला तो एक फटका मात्र शोधायला कोणी थांबले नाही. संध्याकाळी नीरज चोप्राच्या भाल्याने सुवर्ण आणले, गल्लीत फटाके वाजले आणि सकाळची मुलगी मागे पडली.

मी मात्र तेव्हापासून तिचे खाते बघत असतो. २०२३ मध्ये तिने केनिया आणि स्पेनमधल्या स्पर्धा जिंकल्या. त्याच वर्षी हांगझोऊच्या एशियाडमध्ये शेवटच्या दिवशी सात फटक्यांची आघाडी घेऊन उतरली, ७७ फटके लागले, सुवर्णाचे रौप्य झाले. पण एशियाडमध्ये गोल्फचे पदक मिळवणारी ती पहिली भारतीय महिला. २०२४ ला पॅरिसच्या ऑलिंपिकमध्ये पुन्हा हजर!

पण त्या शनिवारच्या रात्रीची एक नोंद राहिलीच. जेवताना लेकीने विचारले, "बाबा, चौथी येणं चांगलं असतं का?"

"म्हणजे काय! सगळ्या जगात चौथी!"

"मग मी शाळेच्या शर्यतीत चौथी आले, तेव्हा तुम्ही 'पहिल्या तिघी कोण?' एवढंच का विचारलंत?"

एरवी ग्राहकाने अडवले की मी त्याला दुसऱ्या खिडकीवर पाठवतो. घरात दुसरी खिडकी नव्हती. मी वरणात मीठ घालून घेतले. दोनदा.

सोमवारी गुलमंडीवरून इमरती घेऊन शाखेत गेलो. शिपाई म्हणाला, "साहेब, नीरजची का?"

"नाही. आमची मुलगी शर्यतीत चौथी आली."

"अरे वा! कधी?"

"दीड वर्षापूर्वी."

तो बघतच राहिला. मॅनेजरसाहेबांनी मात्र इमरती उचलली आणि म्हणाले, "असू द्या. एंट्री राहिली होती, ती सापडली हे महत्त्वाचं. आणि घरचा पुडा वेगळा काढलात ना?"

काढला होता.