घट्ट चिंचवणी

पौष सरत आला की आमच्या भूमकडच्या रानात हुरडा येतो. बालाघाटाच्या रांगेतली ही जमीन. पाणी बेताचं, कुठं काळी माती तर कुठं नुसती बरड. पण ज्वारीनं या मातीला कधी नावं ठेवली नाहीत. सांजेला गोवऱ्यांची आगटी पेटवायची, कणसं निखाऱ्यात खुपसायची, गरम गरम चोळून दाणे हातावर घ्यायचे. सोबत शेंगदाण्याची चटणी, जवसाची चटणी, दही, गूळ. एवढं सगळ्यांच्या रानात असतं. आमच्या रानात आणखी एक जिन्नस असायचा. मायच्या हातची घट्ट चिंचवणी.

पातळ चिंचवणी बऱ्याच घरांत होते. चिंचेचं पाणी, गूळ, चवीला तिखट, की झालं. मायची चिंचवणी मात्र पळीवरून उतरायला वेळ घ्यायची. रंगानं काळी, वासाला धुराची, जिभेवर आधी गोड, मग आंबट आणि सगळ्यात शेवटी तिखट. हुरड्याला लावा, भाजलेल्या वांग्याला लावा, नाहीतर शिळ्या भाकरीबरोबर बोटानं चाटा.

दोन वर्षांमागं पुतण्या पुण्याहून हुरड्याला आला. सोबत नोकरीतले चार मित्र. पुतण्या माझ्या धाकट्या भावाचा. आम्हा दोघा भावांचं बोलणं बंद होतं, पण पोरांनी ते कधी मानलं नाही. त्यांचं दोन्ही घरी जाणं-येणं असतं. पोरांनी कोंबडी आणली होती, लोखंडी जाळी आणली होती आणि एक बाटली. बार्बेक्यू सॉस. पुतण्या म्हणाला, "आप्पा, हे लावून भाजायचं. बघा तर खरं."

त्यांनी कोंबडीला आधीच तो सॉस चोपडला आणि जाळी आगटीवर ठेवली. जाळ मोठा होता. पाच मिनिटांत वरून कोळसा झाला, आत मांस तसंच लाल. पोरं एकमेकांकडं बघाय लागली. मी बाटली हातात घेऊन पुतण्याला म्हणालो, "यात काय काय हाय ते वाच." त्यानं वाचलं. टोमॅटो, साखर, मोलॅसिस, व्हिनेगर, मसाले, धुराचा वास. मोलॅसिस म्हणजे काय, तर उसाच्या रसाची साखर काढल्यावर उरलेली काळी मळी. मी म्हणालो, "अरे, ही तर काकवीची बहीण. गोड आधी लावलं तर जळणारच. मांस आधी भाजून घ्यायचं, आणि उतरायच्या आधी पाच मिनिटं हे लावायचं."

त्यांच्यातला एक पोरगा दोन वर्षं अमेरिकेत राहून आलेला. तो म्हणाला, तिकडं प्रत्येक मुलखाचा सॉस वेगळा. एका भागात नुसता व्हिनेगर आणि मिरची, दुसरीकडं टोमॅटो आणि मोलॅसिसचा दाट. आमचाच खरा म्हणून माणसं भांडतात. मला हसू आलं. आमच्याकडं काळ्या तिखटाचं तेच आहे. सोलापूरकडचं वेगळं, लातूरकडचं वेगळं आणि आमच्या गल्लीत तर दोन घरांचं एक नाही. धने, खोबरं, दगडफूल, तमालपत्र, लवंग, मिरी सगळीकडं तेच. भाजणारा हात वेगळा.

मग पुतण्या म्हणाला, "आप्पा, आजी करायची ते असंच लागायचं ना? मी लहान होतो, पण चव आठवते. तुम्हाला येतं?"

मी म्हणालो, "येतं. पण चिंच आपली पाहिजे."

हे तोंडातून निघून गेलं आणि माझा मीच गप्प झालो. पोरगं मात्र उठून घराकडं निघालं सुद्धा.

आपली चिंच म्हणजे बांधावरची. कुणी लावली ते अण्णांनाही माहीत नव्हतं. १९७२ च्या दुष्काळात मी तेरा वर्षांचा होतो. विहिरी आटल्या, जनावरं गेली, ज्वारी दिसेना. लोक लाल मिलोच्या भाकरी खात होते. अण्णा आणि माय खडी फोडायच्या कामावर जायचे आणि आम्हा पोरांना तिथं सुकडी मिळायची. त्या सालात चिंच तेवढी हिरवी होती. माय तिचा कोवळा पाला खुडून भाजी करायची. गूळ विकत घ्यायची ऐपत नव्हती. मग ती गोड सुकडी चिंचेच्या पाण्यात कालवून आटवायची आणि मिलोच्या भाकरीबरोबर द्यायची. धाकटा पाच वर्षांचा होता. वाटी चाटून झाली की तो माझ्या वाटीकडं बघायचा. मी बोट भरून त्याला द्यायचो. त्याचं मला काही वाटायचं नाही, कारण माय मला गुपचूप दुसऱ्यांदा वाढायची.

१९७५ ला दहावीची पहिली तुकडी निघाली, तिच्यात मी होतो. पुढं शिकलो नाही. धाकट्याला शिकवलं, तोही शेतीतच राहिला. अण्णा गेल्यावर काही वर्षांनी वाटणी झाली. बांध कुठून जातो यावर आमचं अडलं. सरकारी मोजणी आणली. खुणा गाडल्या, तर चिंच धाकट्याच्या अंगाला गेली, माझ्या हद्दीपासून अडीच हात आत. जमीन सारखीच वाटून मिळाली होती. गेलं ते झाड. चारचौघांत मी त्याला नको ते बोललो. तो उलटून एवढंच म्हणाला, "दादा, मोजणी तूच आणलीस." ते खरं होतं, म्हणून जास्त झोंबलं. त्या दिवसापासून बोलणं बंद.

माय सहा महिने माझ्याकडं, सहा महिने त्याच्याकडं राहायची. शेवटच्या वर्षी ती माझ्याकडं होती. अन्नावरची वासना उडाली होती. एकदा म्हणाली, "चिंचवणी कर रं. आपल्या चिंचेची." धाकट्याचं दार माझ्या दारापासून दोनशे पावलांवर. तिथं मायनं स्वतः मीठ लावून भरलेलं चिंचेचं मडकं होतं. मी एसटीनं बार्शीला गेलो. चिंचेचा बाजार तिथला मोठा. चांगली, गराची, बिनचिंचोक्याची चिंच घेतली, घरी येऊन चिंचवणी केली. मायनं बोट चाटलं.

"बरी झालीया. पर ही आपली चिंच न्हाई."

"आपलीच हाय, माय."

तिनं माझ्याकडं बघितलं आणि वाटी खाली ठेवली. "बरं," एवढंच म्हणाली. पुन्हा मागितली नाही. त्याच आखाडात ती गेली. पानचिंचोलीच्या चिंचेला सरकारी मानांकन मिळालं हे पुढं पेपरात वाचलं, तेव्हा मनात आलं की मातीमातीची चव वेगळी असते हे माझ्या मायला मानांकनाच्या कितीतरी आधी कळत होतं. आणि मुलगा खोटं बोलतोय, हेही.

अर्ध्या तासानं पुतण्या परत आला. त्याच्या हातात मडकं होतं. मायचं. तोंडाला बांधलेलं फडकं नवं होतं.

"बापाला सांगितलंस का, कुणाला पाहिजे ते?"

"सांगितलं."

"मग काय म्हणाला?"

"काहीच नाही. मी वाटीभर मागितली होती. त्यांनी मडकंच दिलं."

मी बाही सरसावून कामाला लागलो. काम होतं म्हणून बरं.

वर्षाची जुनी, मीठ लावलेली चिंच काळी पडते, तीच याला चांगली. दोन मुठी चिंच कोमट पाण्यात भिजत घातली. तोवर लसणाचे दोन अख्खे गड्डे आणि दोन कांदे आगटीच्या राखेत पुरले. वरची साल जळेस्तोवर ठेवायचे, म्हणजे आत खिरीसारखे मऊ होतात. चिंच कोळून चोथा काढला आणि कोळ कल्हईच्या पातेल्यात आगटीच्या कडेला ठेवला. बिनकल्हईच्या पितळेत आंबट ठेवायचं नाही, कळकतं. लोखंडी कढईही नको, लोखंडाची चव उतरते. कोळाला आधी नुसताच चांगला उकळू द्यायचा. त्याचा कच्चा वास गेल्याशिवाय गूळ टाकायचा नाही. गूळ चिंचेच्या दुप्पट आणि काळपट बघून घ्यावा. पिवळाधमक गूळ दिसायला देखणा असतो, पण त्याला उसाची खोल चव नसते. काकवी मिळाली तर थोडा गूळ कमी करून ती घालावी. आमच्याकडं गुऱ्हाळ असायचं तेव्हा माय काकवीच घालायची.

गूळ विरघळला की भाजलेला लसूण-कांदा पाट्यावर वाटून घातला. दोन चमचे काळं तिखट, चमचाभर भाजलेल्या तिळाचा कूट, मीठ बेतानं, कारण चिंचेत ते आधीच असतं. शेवटी चमचाभर येसर पाण्यात कालवून सोडला. येसरात भाजलेली डाळ आणि धान्य असतं, त्यानं चिंचवणी मिळून येते. मग मंद आचेवर ढवळत राहायचं. पळीच्या पाठीवर बोटानं रेघ ओढली आणि ती बुजली नाही, की उतरायची. माय पातेलं आगटीच्या वाऱ्याच्या बाजूला ठेवायची, म्हणजे धूर आपोआप लागायचा. घरी गॅसवर करणाऱ्यानं वाटीत निखारा घ्यावा, वाटी पातेल्यात ठेवून निखाऱ्यावर दोन थेंब तेल सोडावं आणि वर झाकण दडपावं.

पोरांनी राहिलेली कोंबडी नुसतं मीठ-हळद लावून निखाऱ्यावर भाजली. जाळ नाही, निखारा. शिजत आल्यावर मी चिंचवणी लावायला सांगितली. एकदा लावली, उलटली, पुन्हा लावली. वर तांबूस-काळी चकाकी आली. पोरांनी बाटलीचं झाकण पुन्हा काढलं नाही.

अंधार पडता पडता बांधावरून बॅटरीचा उजेड हलत आला. धाकटा होता. "पोरं जेवली का बघाय आलो," म्हणाला, कुणाकडंच न बघता. कुणीतरी पोतं सरकवलं, तो बसला. पुतण्यानं त्याच्या हातावर हुरडा दिला आणि वाटीत चिंचवणी. त्यानं बोट बुडवून चाटलं. मी आगटीतल्या गोवऱ्या उगाच खालीवर करत होतो.

"गूळ जरा पुढं गेलाय," तो म्हणाला.

"मायचाबी जायाचा," मी म्हणालो.

वीस-बावीस वर्षांत आमच्यात झालेलं बोलणं हे एवढंच. तो वाटी पुसून खाऊन उठला. मडकं तसंच राहिलं माझ्याकडं. मी परत पाठवलं नाही, त्यानं मागितलंही नाही.

फाल्गुनात चिंच झोडायला आली. निरोप येईल असं वाटत होतं, आला नाही. निरोप मी तरी कधी धाडला होता? एका सकाळी घरातली लांब काठी घेतली आणि मीच त्या अडीच हातांच्या पलीकडं गेलो. धाकटा झाडावर होता. त्यानं वरून बघितलं आणि म्हणाला, "खालच्या फांद्या तू घे."

चार पोती झाली. दोन तो माझ्या बैलगाडीत टाकू लागला. मी नको म्हणालो. मडकं सोबत नेलं होतं, तेवढं भरून घेतलं. चिंचवणीला वर्षभर तेवढी पुरते.