मत न मागणारी खुर्ची

मोताळ्याच्या कोर्टातली न्यायाधीशाची खुर्ची दिसायला साधीच. पाठ उंच, बूड रुंद, दोन्ही हातांवरचं पॉलिश मनगटं घासून उडालेलं. उडालेल्या जागी लाकूड उघडं पडलंय आणि गुळगुळीत झालंय. तिथं एकामागून एक आलेल्या माणसांनी हात टेकवून लोकांचं ऐकून घेतलंय. ऐकणं हेच तिचं मुख्य काम. बोलायचं ते थोडं, आणि जे बोलायचं ते निकालपत्रात.

सकाळी शिपाई डायस पुसतो, टेबलावर त्या दिवसाचा बोर्ड येतो, बाहेर व्हरांड्यात नावांचा पुकारा सुरू होतो. साहेब आत येताना सगळे उठून उभे राहतात. तो मान साहेबांचा कमी आणि खुर्चीचा जास्त. साहेब तीनेक वर्षांत बदलून जातात, तिला मिळणारा मान मात्र बदलत नाही. आलेला माणूस तरुण असो की मुरलेला, बाई असो की पुरुष, टेकल्यावर त्याला तिच्या स्वभावाप्रमाणे वागावं लागतं. तिचा स्वभाव मात्र त्याच्याप्रमाणे बदलत नाही.

बुलढाण्याहून राजूर घाट उतरून मलकापूरकडे निघालं की मोताळा लागतं. तालुका कास्तकारांचा, कपाशी, सोयाबीन, मका, तूर. आणि तेवढाच निवडणुकांचा. ग्रामपंचायत झाली की सेवा सोसायटी, सोसायटी झाली की बाजार समिती, मग नगरपंचायत, पंचायत समिती, जिल्हा परिषद, विधानसभा, लोकसभा. हंगामात भोंगा लावलेल्या गाड्या सकाळपासून फिरतात. ज्याला वर्षभर रामराम घालायला सवड नसते तो दारात येऊन म्हाताऱ्यांच्या पाया पडतो. या सगळ्या गलबल्यात ही एकच खुर्ची अशी, की तिच्यासाठी कुणी दारोदार हिंडत नाही आणि तीही कुणाकडे मत मागत नाही.

तिच्यावर बसणारा लोकसेवा आयोगाच्या परीक्षेतून येतो. त्याच्यावर हुकूमत उच्च न्यायालयाची. संविधानाच्या अनुच्छेद २३५ नं खालच्या न्यायालयांचं नियंत्रण त्याच्याच हाती दिलंय, आणि बुलढाणा जिल्ह्यापुरतं ते नागपूर खंडपीठाकडून येतं. गावातला पुढारी कितीही मोठा असला तरी या खुर्चीवरची बढती किंवा शिक्षा त्याच्या हातात नाही. साहेबांचं चुकलं तर तक्रार वर जाते, चौकशी होते, आणि दोष सिद्ध झाला तर नोकरीही जाऊ शकते.

या खुर्चीची शिस्त कडक आहे. महाराष्ट्र नागरी सेवा वर्तणूक नियम १९७९ मध्ये आले. त्यांच्या पाचव्या नियमाप्रमाणे सरकारी सेवकानं कोणत्याही राजकीय पक्षाचं सदस्य व्हायचं नाही, प्रचार करायचा नाही, निवडणुकीत आपलं वजन वापरायचं नाही. मत द्यायला मुभा आहे, पण कुणाला दिलं किंवा देणार याची खूणही कुणाला द्यायची नाही. अंगावर, गाडीवर किंवा घरावर पक्षाचं चिन्ह लावलं तरी ते वजन वापरणंच धरलं जातं. घरातलं कुणी कायद्यानं स्थापन झालेलं सरकार उलथवू पाहणाऱ्या चळवळीत असेल, तर ते थांबवायचा प्रयत्न करायचा, आणि जमलं नाही तर तसं वर कळवायचं. म्हणून निवडणुकीच्या दिवसांत साहेबांच्या क्वार्टरवर ना झेंडा दिसतो, ना पत्रक. मतदानाच्या दिवशी साहेब रांगेत उभे राहतात, बोटाला शाई लावून घेतात आणि परत येतात. त्या बोटाबद्दल चहाच्या टपरीवर कुणी काही विचारत नाही, कारण उत्तर मिळणार नाही हे सगळ्यांना ठाऊक असतं.

लोकांना हे एकटेपण कधीकधी खटकतं. गणेश मंडळाची पोरं आरतीचं निमंत्रण घेऊन येतात, कुणी वाढदिवसाचा पेढा आणतो, कुणी पाचपन्नास एकरवाला वास्तुशांतीला बोलावतो. साहेब हात जोडून नाही म्हणतात. विधी सेवा समितीचं शिबिर असलं की मात्र तेच साहेब खेड्यात जाऊन पोटगीचा कायदा समजावून सांगतात, बायाबापड्यांच्या प्रश्नांना उत्तरं देतात. म्हणजे त्यांना माणसांचं वावडं नाही. त्यांना उपकार नको असतात.

याचं कारण ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १५ मध्ये सापडतं. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीवर कुणाची हरकत असली, तर निकालापासून पंधरा दिवसांच्या आत अर्ज करायचा, आणि तो करायचा दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर यांच्याकडे. म्हणजे याच खुर्चीपुढे. चौकात गुलाल उधळलेला असतो, जिंकलेल्याच्या गळ्यातले हार अजून सुकलेले नसतात, आणि हरलेला माणूस वकिलाला घेऊन इथं येतो. दोघं एकाच गावचे, कधी एकाच भावकीतले. साक्षीच्या पिंजऱ्यात उभा राहून तो म्हणतो, “साहेब, मले पदाचं काही नाही. मोजणी बराबर झाली का, तेवढंच पाहा.” साहेब लिहून घेतात. दुसऱ्या बाजूचा वकील उलटतपासणी घेतो. मतमोजणीचे कागद मागवले जातात. हा माणूस इथं आला, कारण या खुर्चीनं त्याच्या विरोधकाकडे कधी मत मागितलेलं नाही हे त्याला माहीत आहे. बाजार समितीतल्या काट्याला कापूस कुणाचा हे ठाऊक नसतं, म्हणून कास्तकार आपलं पोतं त्यावर ठेवतो. व्यापाऱ्याचं मिंधेपण असलेल्या काट्यावर तो ठेवणार नाही. जी खुर्ची निवडणूक तपासते ती स्वतः निवडणुकीला उभी राहिली, तर हरलेल्यानं जायचं कुठं?

आपल्याकडे निवडून आलेल्या लोकांकडून न्याय मिळवण्याचा प्रयोग झालाच नाही असं नाही. १९५८ च्या ग्रामपंचायत कायद्यात न्यायपंचायतींची सोय होती. त्यांचे सभासद ग्रामपंचायती निवडून देत आणि किरकोळ तंटे त्यांच्यापुढे चालत. विचार चांगला होता: गावचा तंटा गावाजवळच मिटावा. पण गावचं राजकारणही त्याच वाटेनं आत शिरत होतं. सत्तरच्या दशकात महाराष्ट्रानं न्यायपंचायती मोडीत काढल्या.

या खुर्चीच्या थोरल्या बहिणी नागपूरला, मुंबईला आणि दिल्लीला आहेत. त्यांच्यासाठी सर्वोच्च न्यायालयाच्या सगळ्या न्यायमूर्तींनी ७ मे १९९७ रोजी सोळा तत्त्वं लिहून काढली. त्यातलं दुसरंच तत्त्व निवडणुकीचं आहे: न्यायाधीशानं क्लब, सोसायटी किंवा इतर संघटनेतल्या कुठल्याही पदाची निवडणूक लढवू नये, कायद्याशी संबंधित संस्था एवढाच अपवाद. पुढे आणखी येतं: राजकीय विषयांवर जाहीर मत देऊ नये, निधी गोळा करू नये, घरचे, जवळचे नातेवाईक आणि मित्र सोडून कुणाकडून भेटवस्तू घेऊ नये, आणि आपण सतत लोकांच्या नजरेखाली आहोत हे विसरू नये. क्लबच्या खजिनदारपदापासून ज्याला दूर ठेवलं, त्याला विधानसभेच्या तिकिटापासून किती दूर ठेवायला हवं हे वेगळं सांगायला नको.

पण या थोरल्या खुर्च्यांना शिक्षा करणं अवघड आहे. १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती व्ही. रामस्वामी यांना हटवण्याचा ठराव लोकसभेत आला. १९६ सदस्यांनी ठरावाच्या बाजूनं मत दिलं, २०५ जण तटस्थ राहिले आणि ठराव पडला. ज्यांच्या निवडणुकीचे खटले या खुर्च्या चालवतात त्यांच्याच हाती त्यांची शिक्षा, हा पेच तिथं उघडा पडला. १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं आपली अंतर्गत चौकशीची पद्धत मान्य केली ती याच अडचणीतून.

जगात असेही देश आहेत जिथं या खुर्चीला निवडणूक लढवावी लागते. अमेरिकेच्या बहुतेक राज्यांत न्यायाधीश कुठल्या ना कुठल्या रूपात लोकांच्या मतावर अवलंबून असतात. वेस्ट व्हर्जिनियात एका कोळसा कंपनीच्या प्रमुखानं २००४ मध्ये एका उमेदवाराला निवडून आणण्यासाठी सुमारे ३० लाख डॉलर ओतले. तो न्यायाधीश झाला आणि त्याच कंपनीचं अपील ऐकायला बसला. २००९ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं, पाच विरुद्ध चार अशा मतांनी, त्यानं बाजूला व्हायला हवं होतं असं ठरवलं. फ्लोरिडात लॅनेल विल्यम्स-यूली या वकील बाईंनी न्यायाधीशपदाच्या प्रचारासाठी स्वतःच्या सहीचं देणगीपत्र पाठवलं. तिथल्या नियमात उमेदवारानं स्वतः पैसे मागायला मनाई होती, म्हणून त्यांना जाहीर समज मिळाली. २०१५ मध्ये तो नियम टिकला, तोही पाच विरुद्ध चारनंच. मेक्सिकोनं १ जून २०२५ रोजी देशभर न्यायाधीशांची निवडणूक घेतली. मतदान सुमारे १३ टक्के झालं. तिथल्या लोकांना आपला न्यायाधीश आपण निवडावा असं का वाटतं ते समजू शकतं. बंद दाराआडच्या नेमणुकांचा त्यांना वीट आलेला असतो, आणि आपल्याही वरच्या नेमणुकांची दारं पुरेशी उघडी नाहीत. पण त्यावर इलाज दारं उघडण्याचा आहे. खुर्चीच्या हाती देणगीपेटी देणं हा इलाज नव्हे.

आपल्याकडे खरी पळवाट खुर्ची सोडल्यानंतर सुरू होते. १९६७ मध्ये सरन्यायाधीश कोका सुब्बाराव राजीनामा देऊन थेट राष्ट्रपतिपदाची निवडणूक लढले आणि झाकीर हुसेन यांच्याकडून हरले. १९८३ मध्ये न्यायमूर्ती बहारुल इस्लाम सर्वोच्च न्यायालयातून निवृत्तीच्या थोडं आधी बाहेर पडले आणि राजकारणात परतले. मार्च २०२४ मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयाचे अभिजित गंगोपाध्याय यांनी राजीनामा दिला, दोन दिवसांत ते भाजपमध्ये गेले आणि जूनमध्ये तमलूकचे खासदार झाले. प्रचारातल्या एका विधानाबद्दल निवडणूक आयोगानं त्यांच्यावर एक दिवसाची प्रचारबंदी घातली होती. निवृत्तीनंतरच्या नेमणुकीच्या मोहाची जाणीव तर आपल्याला १९५८ पासूनच आहे. मुंबईचे मुख्य न्यायमूर्ती चागला ज्या विधी आयोगाचे सदस्य होते, त्याच आयोगानं न्यायाधीशांनी निवृत्तीनंतर सरकारी पदं घेऊ नयेत असं सुचवलं, आणि त्याच वर्षी चागला अमेरिकेत राजदूत झाले.

सर्वोच्च न्यायालयाचा न्यायाधीश निवृत्तीनंतर देशातल्या कुठल्याही न्यायालयात वकिली करू शकत नाही, हे अनुच्छेद १२४ मध्येच लिहिलंय. निवडणूक लढवण्याबद्दल मात्र तिथं काही नाही. मोताळ्याच्या साहेबांनी घरावर झेंडा लावला तर शिस्तभंग, आणि थोरल्या खुर्चीवरून उठलेला माणूस तिसऱ्या दिवशी झेंडा घेऊन फिरला तर तो त्याचा हक्क. ही तफावत मिटवायला हवी. खुर्ची सोडल्यावर निदान दोन वर्षं कुणी तिकीट घेऊ नये आणि कुठल्या पक्षानं देऊ नये, असा कायदा संसदेनं करावा. तो होईपर्यंत मतदारांनी अशा उमेदवाराला भर सभेत विचारावं, की तुमच्या शेवटच्या वर्षातले निकाल कुणाकडे बघून दिले होते. मोजणी बरोबर झाली का, एवढंच विचारायला आलेल्या मोताळ्याच्या कास्तकाराला ज्या निर्मळ न्यायाचा हक्क आहे, तोच हक्क दिल्लीत दाद मागणाऱ्यालाही आहे.