ठेव आणि सूची

गतवर्षीं आमच्या हातून एक चूक घडली. ती येथें कबूल करणें आम्हांस इष्ट वाटतें. आमच्या एका माजी विद्यार्थ्यास शिष्यवृत्तीच्या अर्जासोबत, नववींत असतां त्यानें लिहिलेला विहिरींच्या पाण्यावरील अहवाल जोडावयाचा होता. त्याची एकच प्रत उरली होती, व ती आमच्या संगणकांत होती. अर्जाची मुदत त्याच सायंकाळीं संपत होती. फाइलीचें नांव मात्र आम्हांस आठवेना. एकामागून एक फोल्डर उघडण्यांत दोन तास गेले आणि मुदत टळली. "असूं द्या, सर," एवढेंच तो म्हणाला. पण ते शब्द आमच्या मनांत अद्यापि सलतात.

पुढें एका सहशिक्षकांनीं आम्हांस संगणकाच्या सूचीची, म्हणजे इंडेक्सिंगची, ओळख करून दिली. ग्रंथाच्या शेवटीं शब्दसूची असते, तसाच हा प्रकार. अलेक्झांडर क्रुडन यांनीं १७३७ सालीं इंग्रजी बायबलाची शब्दसूची प्रसिद्ध केली. तिच्या साह्यानें आम्हीं विद्यार्थिदशेंत वचनें हुडकीत असूं. संगणकही फुरसतीच्या वेळीं फाइली वाचून, कोणता शब्द कोणत्या फाइलींत आहे, याची नोंद करून ठेवतो. मग शब्द विचारतांच साऱ्या फाइली न चाळतां केवळ ती नोंद पाहून उत्तर देतो. विंडोजमध्यें 'इंडेक्सिंग ऑप्शन्स' येथें कोणते फोल्डर सूचींत घ्यावयाचे, तें आपणांस ठरवितां येतें. आमचे कागद दुसऱ्या ड्राइव्हवर असल्यामुळें सूचीबाहेर राहिले होते. ते तींत घालून यंत्र रात्रभर चालूं ठेविलें. सकाळीं 'क्षार' हा शब्द लिहिला मात्र, अहवाल समोर उभा! फाइलीचें नांव होतें 'नवीन २'.

सूचीलाही मर्यादा आहेत. कागदाचें केवळ छायाचित्र असल्यास, त्यांतील अक्षरें यंत्राकडून ओळखून घेतल्यावांचून तीं सूचींत येत नाहींत. जुन्या पद्धतीच्या फाँटांत लिहिलेला मजकूर पडद्यावर मराठी दिसला, तरी आंत बहुधा इंग्रजी अक्षरांच्या संकेतांनीं सांठविलेला असतो. म्हणून युनिकोडांतील मराठी शब्दानें तो सांपडत नाहीं.

अहवाल आम्हीं त्या विद्यार्थ्याकडे लागलीच पाठविला. त्याचें गेलेलें वर्ष मात्र कोणत्याही सूचींत सांपडावयाचें नाहीं. यास्तव, मुलांनो, फाइलीस अर्थपूर्ण नांव देण्याचा आळस करूं नका, आणि सूची आधींच सिद्ध ठेवा. दुसऱ्याचा कागद आपल्याजवळ असणें ही ठेव होय; ती मागतांक्षणीं परत देतां आली पाहिजे.