पेटीत न पडलेली पत्रे

टपालात टाकायचेच नाही असे पत्र कोण लिहील, असे तुम्ही म्हणाल. पण १९४२ साली नगरच्या भुईकोट किल्ल्यात मौलाना आझाद कैदेत होते. पहाटे उठावे, चहा करावा, मित्राला पत्र लिहावे आणि ते आपल्यापाशीच ठेवावे! १९४३ मध्ये पत्नी गेल्याचे तिथेच कळले. तेही त्यांनी लिहिले. पुढे १९४६ मध्ये ‘गुबार-ए-खातिर’ हा ग्रंथ निघाला.

सॉक्रेटिसाने एकही ग्रंथ लिहिला नाही. अथेन्सच्या बाजारात भेटेल त्याला प्रश्न विचारता विचारता तो स्वतःलाच तपासून घेई. भिंतीआड माणूस भेटणार कुठून? तिथे कागदच समोर बसवावा लागतो.

दिवाळीची पत्रे लिहून झाली, की मी एक कोरा कागद मागे ठेवतो. त्यावर पत्ता घालायचा नसतो; मग खूश तरी कोणाला करायचे?